हक्क राखून

मराठीच्या अभ्यासकाला ‘संपादन’ हा शब्द प्रथम भेटतो तो पोथ्यांच्या आणि नियतकालिकांच्या संदर्भात. हस्तलिखिते ताडून पाहावीत, पाठभेद नोंदवावेत, अपपाठ गाळावा, यास आपण संपादन म्हणतो. हाच शब्द ‘भू’ला जोडला की अर्थ पालटतो : मालकाची इच्छा असो वा नसो, सार्वजनिक प्रयोजनासाठी शासनाने त्याची जमीन घेणे. या दुसऱ्या संपादनातही पाठभेद असतात आणि त्यांवर एखाद्या कुटुंबाचे बरेवाईट ठरते, हे आम्हांस घरातल्या एका जुन्या पावतीने शिकविले.

आमच्या आजोबांच्या शेतातून कालवा गेला. निवाडा झाला, मोबदला आला आणि आजोबांनी पावतीवर सही केली. बांधाला बांध असलेल्या शेजाऱ्यानेही सही केली. मात्र सहीच्या वर दोन शब्द लिहिले : ‘हक्क राखून’. वकील मंडळी यालाच ‘अंडर प्रोटेस्ट’ म्हणतात. १८९४ च्या भूसंपादन कायद्यातील कलम ३१ प्रमाणे, असा निषेध न नोंदविता ज्याने रक्कम स्वीकारली त्याला कलम १८ खाली आपले प्रकरण न्यायालयाकडे पाठविण्याची मागणी करता येत नसे. शेजाऱ्याला पुढे न्यायालयाने वाढीव दर दिला. माती एक, पाटाचे पाणी एक. भेद काय तो दोन शब्दांचा.

आजोबा निरक्षर नव्हते. ज्ञानेश्वरीतील अवघड ओवीचा अन्वय ते सहज लावून दाखवीत. परंतु शासकीय मराठीत ‘हितसंबंधित व्यक्ती’ म्हणजे आपणच, हे त्यांना कोणी सांगितले नव्हते. १९८४ च्या दुरुस्तीने अशा माणसांसाठी एक दार उघडले होते. कलम २८अ नुसार, त्याच अधिसूचनेतील दुसऱ्या खातेदाराला न्यायालयाने वाढ दिली, तर मूळ निवाड्याविरुद्ध न गेलेल्या खातेदारालाही तीन महिन्यांत फेरनिर्धारणाचा अर्ज करता येई. आधीची रक्कम निषेधासह घेतली होती की निषेधाविना, याने येथे फरक पडत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २००२ साली स्पष्ट केले. मात्र मुदत मोजायची ती निकालाच्या तारखेपासून, निकाल कळल्यापासून नव्हे. आजोबांना तो कळला तेव्हा वर्ष उलटले होते.

हक्क कागदावर असणे आणि तो माणसाच्या हाती येणे, यांतील अंतर आपल्याकडे जुने आहे. १९२१ साली सेनापती बापटांच्या साथीने मुळशीचे मावळे धरणाविरुद्ध सत्याग्रहाला बसले, त्या वेळी भूसंपादनाच्या कायद्यात मालकाची हरकत ऐकून घेण्याचे कलमच नव्हते. ते कलम, ५अ, १९२३ च्या दुरुस्तीने आले. पुढे १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांच्या यादीतून निघाला आणि अनुच्छेद ३००अ मध्ये घटनात्मक हक्क म्हणून उरला : कायद्याच्या आधाराखेरीज कोणाचीही मालमत्ता हिरावून घेता येणार नाही. हे वाक्य लहान आहे, पण पोकळ नाही. हिमाचल प्रदेशात १९६७-६८ च्या सुमारास एका निरक्षर विधवेची जमीन कोणतीही प्रक्रिया न करता रस्त्यासाठी घेतली गेली. इतकी वर्षे आमचाच ताबा आहे, म्हणून जमीन आमचीच, असाही युक्तिवाद राज्याने केला. २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळून तिला मोबदला देवविला. २०२४ मध्ये त्याच न्यायालयाने अनुच्छेद ३००अ मधून सात गोष्टी उकलून दाखविल्या : नोटीस मिळणे, म्हणणे ऐकले जाणे, सकारण निर्णय होणे, प्रयोजन सार्वजनिक असणे, रास्त मोबदला, दिरंगाईविना प्रक्रिया आणि तिची रीतसर सांगता. याला आम्ही उत्तम भाष्य म्हणू. एका ओळीच्या पोटात काय दडले आहे ते भाष्यकारानेच दाखवावे.

१ जानेवारी २०१४ पासून २०१३ चा नवा कायदा लागू आहे. त्यात हरकतीसाठी साठ दिवस आहेत आणि शंभर टक्के दिलासा रक्कम आहे. परंतु वाचकहो, त्याचे कलम ७७ पाहावे. निषेध न नोंदविता रक्कम घेणाऱ्याला वाढीव मोबदल्यासाठी दाद मागण्याची वाट तेथेही बंदच आहे. कायदा बदलला, त्या दोन शब्दांची किंमत तशीच राहिली.

साहित्याच्या वर्गात आपण अन्वय, संदर्भ आणि अनुल्लेख यांचे धडे देतो. समोरच्या बाकांवरील कित्येक मुलांच्या घरी सातबारा असतो. उद्या महामार्गाची नोटीसही येईल. वर्षाकाठी एक तास त्या नोटिशीच्या वाचनाला द्यावा, एवढेच आमचे मागणे आहे : गट क्रमांक कोणता, मुदत कधीपासून, हरकत कोणाकडे, आणि सहीच्या वर काय लिहायचे.