पायऱ्या, लेणी आणि फिरतं चाक

गेल्या हिवाळ्यात आमची चौथीची मुलं मंचरहून सकाळीच लेण्याद्रीला निघाली. पायऱ्या तीनशेच्या आसपास. मोजल्या सगळ्यांनी, पण आकडा कुणाचाच जुळेना! गिरिजात्मजाचं देऊळ म्हणजे मुळात बौद्ध भिक्षूंचा विहार. एवढं मोठं दालन, पण मधे एकही खांब नाही.

परतताना एका कुंभारकाकांच्या अंगणात थांबलो. नाशिकच्या पांडवलेण्यांतला एक शिलालेख सांगतो, की कुंभारांच्या संघाकडे पैसे ठेवले होते. त्याच्या व्याजातून आजारी भिक्षूंना औषधं मिळावीत म्हणून.

"म्हणजे कुंभारांची बँक?" एकीने विचारलं. होय, तशीच!

मग चाक फिरलं. मातीत राख नि घोड्याची लीद मळलेली, हे कळताच नाकं मुरडली. एकेकाचा गोळा कोलमडायला लागला. वर्गात कधी तोंड न उघडणारा एक मुलगा बसला, त्याने मधोमध अंगठा रोवला आणि वाटी उभी राहिली की!

"माझे आजोबा करायचे. आता घरी चाक नाही," तो म्हणाला.

काकांनी दोऱ्याने वाटी कापून त्याच्या हातावर ठेवली. "कच्ची आहे, जपून ने रे."

मंचर येईपर्यंत खिडकीजवळची जागा त्याला कुणी मागितली नाही.