धोंडसाखालचा गुडंबा

गेल्या वर्षी मे महिन्यात माझा उजवा हात प्लास्टरमध्ये होता आणि त्याच आठवड्यात माझ्या माहेराहून, म्हसळ्याहून, एसटीने दोन बरके फणस आले. बरका फणस कुणासाठी थांबत नाही. पिकला की त्याच दिवशी फोडायचा, गरे चाळणीवर घासून रस काढायचा, नाहीतर घरभर वास आणि माश्या. त्या रसाचं धोंडस दरवर्षी मीच करते. गेल्या वर्षी ते सुनेला करावं लागलं.

सून मोमिन घराण्यातली. बाहेरगावच्या बहिणींसाठी सांगते, भिवंडीत आम्ही कोकणी मुसलमान जुने रहिवासी. मोमिन अन्सारी हे विणकर. त्यांचे पूर्वज 1857 नंतर आझमगड, मऊ या भागांतून मागाचं कसब घेऊन इकडे आले. हातमागाचे पुढे पॉवरलूम झाले, त्यांची खडखड आता आमच्याही झोपेचा भाग आहे. बाजार एक, धर्म एक, पण चुली वेगळ्या. आमच्याकडे तांदूळ आणि नारळ, त्यांच्याकडे गहू आणि तूप. सोयरिकीही सहसा होत नसत. मुलाने हे लग्न ठरवलं तेव्हा मी महिनाभर धड जेवले नव्हते, खोटं कशाला बोलू?

लग्नानंतरच्या पहिल्या उन्हाळ्यात तिने गुडंबा केला होता. कैरीच्या फोडी, गूळ, तुपात भाजलेलं गव्हाचं पीठ, बडीशेप. तिच्या दादीच्या हातचा प्रकार. वाटी माझ्यासमोर ठेवून ती उभी राहिली. मी चमचाभर चाखलं आणि नणंदेसमोर म्हटलं, "ही काय आजाऱ्याची पेज?" नणंद हसली. सूनही हसली. त्यानंतर तिने आमच्या घरात माहेरचं काहीच रांधलं नाही, आणि एवढी गोष्ट माझ्या ध्यानात यायला दोन वर्षं गेली.

तर त्या दिवशी मी स्टुलावर बसून सांगत होते आणि ती करत होती. दोन वाट्या तांदळाचा रवा तुपावर खमंग भाजायचा. त्यात दोन वाट्या रस, वाटीभर नारळाचं दूध, दीड वाटी गूळ, चिमूटभर मीठ, वेलची. कडा सोडेपर्यंत ढवळायचं. यालाच हात लागतो. एक फणस आतून बिघडलेला निघाला, म्हणून रस बेताचाच भरला आणि भांडं अर्धं रिकामं दिसू लागलं.

"अम्मी, नीचे कैरी डालूं?" तिने विचारलं.

"कैरी कशाला?"

जरा थांबून म्हणाली, "गुडंबा."

मला ती वाटी आठवली. मी म्हटलं, "घाल."

दोन कैऱ्या, वाटीभर गूळ, दोन चमचे पीठ. पातळ नको, हलव्यासारखं घट्ट हवं, एवढं मी सुचवलं. पण पीठ आधी तुपात भाजलं की कैरीचं सुटलेलं पाणी ते धरून ठेवतं, हे तिने मला सांगितलं. ॲल्युमिनियमच्या बसक्या भांड्यात तळाला गुडंबा, वर धोंडस, आणि भांडं ओव्हनमध्ये 180 अंशांवर.

अर्ध्या तासात लाइट गेली. भिवंडीच्या मे महिन्यात यात नवल ते काय! ओव्हन थंड होऊ लागला, मधला भाग दबला. "ये तो बैठ गया," ती रडवेली झाली. मी म्हटलं, माझी आई कुठे ओव्हन वापरत होती? गॅसवर जाड तवा ठेवायला लावला, त्यावर भांडं, वर सपाट झाकण. बिर्याणीला धुंगार देण्यासाठी ठेवलेले कोळसे दुसऱ्या शेगडीवर फुलवून तिने चिमट्याने झाकणावर रचले. खाली मंद आंच, वर निखारे. वीस-पंचवीस मिनिटांत वरून तांबूस रंग आला, खोबऱ्याचा आणि धुराचा मिळून वास सुटला.

कापायची घाई तिचीच. मी अडवलं, पूर्ण निवू दे. संध्याकाळी कापलं तर वड्या नीट सुटल्या. फणसाचं धोंडस फार गोड असतं, दुसरी वडी खाववत नाही. इथे खालून कैरीचा आंबटपणा वर येत होता. इतकी वर्षं माझ्या धोंडसात हे कमी होतं, असं मी तरी म्हणेन. नणंद म्हणाली, जुनं तेच बरं. तिने तीन खाल्ल्या.

दुसऱ्या दिवशी डब्यात वड्या भरताना सून म्हणाली, "मम्मी पूछेंगी, नाम क्या बताऊं?"

"खाली तुमचा गुडंबा आहे, तेवढं सांग म्हणजे झालं."

पेजेच्या त्या बोलण्याबद्दल मी तिची माफी अजून मागितलेली नाही. तोंड उघडते आणि दुसरंच काही बोलते. यंदा हात बरा आहे, ढवळायला कुणाची गरज नाही. पण एसटीवरून फणस आल्याचा फोन आला, तेव्हा पिशवी घेऊन मी आधी कैऱ्या आणायला तीन बत्तीला गेले.