रागूचा प्रतिनिधि

इटलींतील बोलोन्या नगरीचा ‘रागू’ म्हणजे मंद आंचेवर आटविलेलें मांसाचें दाट कालवण. 1982 सालीं तेथील व्यापारमंडळांत त्याची पाककृति विधिपूर्वक नोंदविली गेली. मैत्रिणींकडे तो पाहून आमची नात घरीं मागूं लागली. नुसता नकार आम्हांस प्रशस्त वाटला नाहीं.

व्रीहि न मिळाल्यास नीवार घ्यावा, असें मीमांसक म्हणतात. मात्र प्रतिनिधि मूळ द्रव्याशीं सदृश हवा. म्हणून आम्ही अख्खा मसूर योजिला. तो आधींच शिजवावा. आंबटांत दडदडीत राहतो. कांदा, गाजर व सेलरीचे बारीक तुकडे तेलांत तांबूस परतावे, टोमॅटो व मसूर घालून सावकाश आटवावें. बोलोन्याच्या ताल्यातेल्लेंत अंडें असतें, यास्तव रव्याची वाळविलेली स्पॅगेटी घ्यावी.

प्रतिनिधीनें मूळाचें सोंग मात्र आणूं नये. ‘मसुराचा रागू’ म्हणूनच नात तो मैत्रिणींस वाढते, आणि पंगत एकच राहते.