साळबर्डीच्या चुनखडकास



वऱ्हाडात दगड म्हटला की तो काळाच. अमरावतीचा परकोट काळा, बाळापूरची छत्री काळी, शेताच्या बांधावर रचलेला धोंडाही काळा. त्या काळ्या गर्दीत मोर्शी तालुक्याच्या उत्तर टोकाला, सातपुड्याच्या पायथ्याशी, तू पांढुरका, भुरकट, गाठीगाठींचा पडून आहेस. महाशिवरात्रीला हजारो माणसं तुझ्या शेजारून महादेवाच्या गुहेकडे जातात. महानुभाव मंडळी चक्रधरस्वामींची तपोभूमी म्हणून येतात. तुझ्यासाठी मात्र कुणी येत नाही.

चुनखडक म्हणजे समुद्राचा गाळ, असं आम्ही शाळेत घोकलं. वणी-गडचांदूरकडचे तुझे भाऊबंद, जे आज सिमेंटच्या भट्टीत जातात, ते खरोखरच प्राचीन समुद्रातले. तू त्यांच्यातला नव्हेस. तुझं घराणं लमेटा, जबलपूरजवळच्या नर्मदेच्या घाटावरून नाव घेतलेलं. साडेसहा-सात कोटी वर्षांपूर्वी इथे नद्या, उथळ डबकी आणि उघडी माळरानं होती. पाऊस ठरावीक महिन्यांत पडायचा, मग लांबलचक कोरड. जमिनीत मुरलेलं पाणी चुना विरघळवून घ्यायचं, उन्हाळ्यात ते वर ओढलं जाऊन आटायचं आणि चुना मागे राहायचा. आधी खडे, मग गाठी, मग गाठी जुळून थर. तुझा बराचसा भाग असा मातीतच घडला.

ही क्रिया मोर्शी-वरूडच्या संत्रेवाल्याला समजावून सांगावी लागत नाही. बागेत चुनखडी लागली की तो कपाळाला हात लावतो. चुन्यामुळे जमिनीतलं लोह झाडाला मिळत नाही. कोवळी पानं पिवळी पडतात, शिरा तेवढ्या हिरव्या राहतात. त्याच्या बागेतला तो खडा उचलून त्यावर लिंबू पिळलं तर बारीक बुडबुडे येतात. तुझ्या कपचीवरही तेच. दोघांत कोट्यवधी वर्षांचं अंतर आहे, पण कृती एकच.

तुझ्या या चुनखट वाळूत टायटॅनोसॉर नावाचे अवाढव्य, लांब मानेचे, झाडपाला खाणारे डायनासोर अंडी घालून गेले. संत गाडगेबाबा अमरावती विद्यापीठाच्या श्रीवास्तव आणि मानकर यांनी 2013 मध्ये तुझ्यातून निघालेल्या पुढच्या पायाच्या हाडाची नोंद प्रसिद्ध केली आणि 2015 मध्ये घरट्याची. चुन्याच्या पाण्यानेच ती टरफलं राखली, म्हणजे राखणदार तूच. धार जिल्ह्यातल्या पाडल्या गावात अशीच दगडी अंडी शेतराख्या भैरव म्हणून पुजली जात होती. मला यात हसण्यासारखं काही दिसत नाही. त्यांनी निदान जपून तरी ठेवली.

मग 6.6 कोटी वर्षांपूर्वीच्या सुमारास लाव्हा आला, थरावर थर चढले आणि तू काळ्या दगडाखाली गाडला गेलास. पुन्हा उजेड दिसला तो गाविलगडच्या भ्रंशामुळे. त्या भेगेच्या उत्तरेची बाजू वर उचलली गेली, झिजली आणि तू उघडा पडलास. दक्षिणेची बाजू खचली. तिच्यावर पूर्णेने शेकडो मीटर गाळ आणून टाकला. दर्यापूर-अकोल्याकडचा खारपाणपट्टा तो हाच. तिथे विहीर खणली तर पाणी खारं लागतं, आणि शेतकरी आभाळाकडे बघून हरभरा पेरतो. एकाच भेगेने तुला वर आणलं आणि त्यांना खाली लोटलं.

मागणं एकच आहे. तू निम्मा महाराष्ट्रातल्या अमरावतीत, निम्मा मध्य प्रदेशातल्या बैतूलमध्ये. तेव्हा दोन्ही सरकारांनी मिळून जत्रेच्या वाटेवर एक पाटी लावावी, मराठी आणि हिंदीत, आणि तुझ्यातून ढलप्या काढू नयेत असंही त्यावर लिहावं. पाटीवर डायनासोरचं चित्र भलंमोठं येईल आणि तुझं नाव खाली बारीक अक्षरांत, हे आताच सांगून ठेवतो. रुसू नकोस.

कळावे, लोभ असावा.

तुझा,
एक वऱ्हाडी