हात सैल सोड

यंदा श्रावणात माझ्या उजव्या अंगठ्याचं पेर बधिर झालं आणि दुकानात सूनबाई बसू लागली. ती गिऱ्हाइकाच्या हातावर प्लास्टिकची पातळ पिशवी चढवते आणि बांगडी सरकन मनगटात जाते. काच वाढत नाही, हात दुखत नाही. तरी मला पाहवत नाही. पिशवीतून हात कळणार कसा?

सारा जन्म मी एका गाठीशी झटले. अंगठ्याच्या मुळाच्या. करंगळीकडची बाजू दाबली की वळते, ही वळत नाही. फिरोजाबादी काचेचा जोड नेमका तिथे आला, तर बांगडी गेलीच. घरी म्हशी असलेल्या बाईचा अंगठा मुडपून धारा काढून टणक झालेला असतो. ऊसतोडणीला आलेलीच्या उजव्या तळव्यावर कोयत्याचे घट्टे, डाव्या मनगटावर पाल्याचे ओरखडे. पण राठ हात अवघड नाही. अवघड तो, जो सैल सुटत नाही. बाई हसून बोलत असते आणि हात लाकडासारखा. मग मी माहेरचं विचारायची. त्याने कुणाचा हात सुटायचा, कुणाचा आणखी आवळायचा. त्यावरून जे कळलं, ते मी दुकानाबाहेर कधी नेलं नाही.

आता बाजारात माप सांगायचं, डबी घ्यायची. हात कुणी धरतच नाही. त्याला मी बांगड्या भरणं म्हणत नाही.

मे २०२२ मध्ये आमच्या शिरोळ तालुक्यातल्या हेरवाडने ठराव केला, नवरा गेला म्हणून बाईच्या बांगड्या फोडायच्या नाहीत. पुढे एक विधवा बाई दुकानात आली. हात पुढे करायची, मागे घ्यायची. हात अडीचचा. मी एक माप लहान, दोन-सहा घेतल्या, कारण मापाच्या आतली बांगडी न वाढवता चढवणारी म्हणून माझं नाव होतं. तिसरी बांगडी तिच्या हातावरच वाढली. रक्त आलं. पदराने पुसून ती उठली. पुन्हा आली नाही. तिला बांगड्या हव्या होत्या. मी माझं कसब दाखवत बसले.

परवा सुनेला म्हटलं, "माझ्या भर. पिशवी नको."

तिने न विचारता अडीचच्या उचलल्या.

"सव्वादोन घे. माझं माप तेच आहे."

तिने अंगठ्याची गाठ दाबली, थांबली, पुन्हा दाबली. "आई, हात सैल सोडा."

"सोडलाय की."

दोन बांगड्या वाढल्या.