आमच्या घरचे चिमणराव

आमच्या चाळीत टीव्ही एकच, तळमजल्यावरच्या काकूंकडे. सत्तरच्या दशकाच्या अखेरीस मुंबई दूरदर्शनवर ‘चिमणराव गुंड्याभाऊ’ लागायचं, तेव्हा त्यांच्या चटईवर जागा धरायला आम्ही पोरं ताटावरून उठून पळायचो. आजीने चिं. वि. जोशींचा चिमणराव पुस्तकात वाचलेला. पडद्यावर दिलीप प्रभावळकर दिसले तशी ती म्हणाली, “अगदी अस्साच होता हो तो!” जणू तिच्या माहेरच्या वाड्यातला भाडेकरूच. शेजारी बाळ कर्व्यांचा दणकट गुंड्याभाऊ आणि हा किरकोळ अंगाचा, किनऱ्या आवाजाचा, घाबरत घाबरत फुशारकी मारणारा.

१९९१ साली ‘चौकट राजा’ बघताना नंदूसाठी आजीचा पदर भिजला. मध्यंतरात मी सांगितलं, “आजी, हा आपला चिमणराव.” ती चिडलीच. “काहीतरीच काय! हे बिचारं लेकरू कुठे आणि तो कुठे!”

दोन वर्षांनी ‘झपाटलेला’ आला. बाहुला रामदास पाध्यांचा, आवाज प्रभावळकरांचा. त्या तात्या विंचूने आमच्या भाच्याची झोप उडवली. घरातला निरुपद्रवी बाहुला महिनाभर कपाटात, तोही कडी लावून.

‘हसवा फसवी’त तर एका प्रयोगात सहा भूमिका! हसून हसून दमलेलं नाट्यगृह म्हाताऱ्या कृष्णराव हेरंबकरांपुढे गप्प झालेलं मला अजून आठवतं.

मग २००१मध्ये ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ सुरू झालं. प्रभावळकरांच्याच ‘अनुदिनी’वरून बेतलेली ही मालिका. त्यातले आबा आमच्या बाबांना इतके पटले की त्यांच्या वेळेला आमच्याकडे फोनसुद्धा कुणी उचलत नसे. ‘लगे रहो मुन्नाभाई’तले गांधीजी २००६चे. त्या भूमिकेसाठी आणि ‘शेवरी’साठी मिळून सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाला.

२०२५मध्ये ‘दशावतार’ बघायला आम्ही तीन पिढ्या गेलो. कोकणातला दशावतारी बाबुली मेस्त्री उभा करणारा नट तेव्हा ८१ वर्षांचा होता. चित्रपट संपल्यावर नातीने विचारलं, “हे आजोबा कोण?” मी ‘चिमणराव’ म्हणाले, भाचा ‘तात्या विंचू’ म्हणाला, त्याची बायको त्याला दटावत म्हणाली, “आबा टिपरे!” प्रभावळकर हे नाव कुणाच्याच तोंडी आलं नाही.

या दिवाळीत फराळाला जमाल तेव्हा तुमच्याही घरी विचारून बघा. उत्तरावरून माणसाचं वय कळेल.