मोरीपाशी बसलेला
आज पुन्हा ऑर्वेल काढला. ‘डाउन अँड आउट इन पॅरिस अँड लंडन’, १९३३. हॉटेलात बश्या धुणाऱ्याचा दिवस त्याने असा लिहिलाय की वाचताना अंगाला वाफ लागते. आपल्या कथांत हॉटेल येतं ते बहुधा टेबलाच्या बाजूने. पात्रं बोलतात, पोऱ्या कप उचलतो आणि गोष्टीतून निघून जातो. याचं मला फार वाईट वाटतं.

बंगळुरूच्या शिवाजीनगरात, रसेल मार्केटच्या आसपास, हीच माणसं संध्याकाळभर दिसतात. शिगेवर कबाब फिरवणारा, परोट्याची कणीक आपटणारा, मोरीपाशी उकिडवा बसून डेगी घासणारा. उर्दू, तमिळ, कन्नड सगळं एकाच हाकेत. जयंत कायकिणींनी मुंबईच्या कष्टकऱ्यांवर कन्नडमध्ये कथा लिहिल्या. त्या कथांच्या इंग्रजी अनुवादाला, ‘नो प्रेझेंट्स प्लीज’ला, २०१८चा डीएससी पुरस्कार मिळाला. मुंबईची माणसं कन्नडने जपली. मग या डेगी घासणाऱ्याची गोष्ट मराठीत का नको?

१० ऑक्टोबर २००६पासून चौदा वर्षांखालच्या मुलांना हॉटेलात कामाला ठेवायला बंदी आहे. म्हणून मी लिहीन त्या गोष्टीतलं पात्र अठराचं असेल. त्याचा पगार, उचल, झोपायची जागा, सगळं आधी नीट विचारून घ्यायचंय. पहिलं वाक्य त्यानंतर.